आधी तांड्याचा नाईक, मग आडनाव नाईक

पुसद, दिग्रस, दारव्हा, उमरखेड... यवतमाळ जिल्ह्यातल्या यांपैकी कुठल्याही गावच्या शाळेत हजेरी सुरू झाली की काही आडनावं हमखास कानावर पडतात. राठोड, चव्हाण, पवार, जाधव, आडे आणि नाईक. आपलं नाव आलं की आपण ‘हजर’ म्हणतो आणि मोकळे होतो. पण हे आडनाव आपल्या घरात पहिल्यांदा कुणाला मिळालं असेल? आणि का? दोस्तांनो, आज आपण यातल्या एकाच आडनावाचा माग काढू या. ते आडनाव म्हणजे नाईक. हा माग आपल्याला बैलांच्या तांड्यातून मुंबईच्या मंत्रालयात नेईल, तिथून थेट स्कॉटलंडला आणि शेवटी आपल्याच शरीरातल्या पेशीत!

आधी जाऊ दोन-तीनशे वर्षं मागे. तेव्हा रेल्वे नव्हती, ट्रक नव्हते, पक्के रस्तेही फारसे नव्हते. मग समुद्राकाठचं मीठ विदर्भातल्या स्वयंपाकघरात कसं पोचायचं? बंजारा लोकांच्या बैलांवरून! बैलाच्या पाठीवर दोन्ही बाजूंना सारख्या वजनाच्या गोण्या लादायच्या आणि निघायचं. एकेका तांड्यात शेकडो, कधी कधी हजारो बैल असत. सोबत बायका, मुलं, म्हातारी माणसं, कुत्री. अख्खं गावच चालत असायचं म्हणा ना!

आता विचार करा, एवढ्या मोठ्या चालत्या गावाला सांभाळायचं कुणी? आज मुक्काम कुठे करायचा? तिथे बैलांना पाणी आणि चारा मिळेल का? नदीला पूर आलाय, तर थांबायचं की दुसरा उतार शोधायचा? माल कुठे घ्यायचा, कुठे विकायचा? दोघांचं भांडण झालं तर न्याय कुणी करायचा? या सगळ्यांची जबाबदारी एकाच माणसावर असे. तो तांड्याचा नायक, म्हणजेच नाईक. त्याच्या हाताखाली कारभारी असे. तांड्याला बहुतेक वेळा त्या नायकाचंच नाव पडायचं. अजूनही कितीतरी तांड्यांमध्ये नाईक आणि कारभारी हे मान आहेत आणि सणावाराला, पंचायतीला त्यांचा शब्द विचारला जातो.

पुढे रेल्वे आली. जे मीठ आणि धान्य न्यायला बैलांना कित्येक आठवडे लागत, ते आगगाडी पाहता पाहता पोचवू लागली. बैलांवरचा व्यापार बसला. तांडे एकेका जागी थांबले, जमिनी कसू लागले आणि मुक्कामांची गावं झाली. पुसदजवळचं गहुली हे असंच तांड्यातून उभं राहिलेलं गाव. तिथल्या फुलसिंग नाईक यांच्या घरी 1 जुलै 1913 रोजी एक मुलगा जन्मला. या घराचं मूळ आडनाव राठोड. पण तांड्याचं नायकपण या घराकडे असल्यामुळे लोक त्यांना नाईक म्हणत आणि तेच नाव कायमचं चिकटलं. तो मुलगा म्हणजे वसंतराव नाईक!

वसंतराव नागपुरात शिकले, वकील झाले, पुसदच्या नगरपालिकेचे अध्यक्ष झाले. डिसेंबर 1963 मध्ये ते महाराष्ट्राचे मुख्यमंत्री झाले आणि फेब्रुवारी 1975 पर्यंत, म्हणजे सलग 11 वर्षांहून जास्त काळ त्या पदावर राहिले. इतका दीर्घ काळ राज्याचं मुख्यमंत्रिपद आजवर दुसऱ्या कुणीच सांभाळलेलं नाही. राहुरी, अकोला, परभणी आणि दापोली ही चारही कृषी विद्यापीठं त्यांच्याच काळात सुरू झाली. 1972 च्या भयंकर दुष्काळाला राज्याने तोंड दिलं, तेही ते मुख्यमंत्री असतानाच. म्हणून तर त्यांचा जन्मदिवस, 1 जुलै, महाराष्ट्रात ‘कृषी दिन’ म्हणून साजरा होतो. यवतमाळचं सरकारी वैद्यकीय महाविद्यालयही त्यांच्याच नावाचं आहे. पुढे 1991 ते 1993 या काळात त्यांचे पुतणे सुधाकरराव नाईक मुख्यमंत्री झाले. जलसंधारणासाठी ते ओळखले जातात. एकाच छोट्या गावातून आलेल्या एकाच घराने राज्याला दोन मुख्यमंत्री दिले!

म्हणजे बघा, तांड्याला पाण्याकाठी मुक्काम शोधून देणं हे नायकाचं काम होतं आणि पुढे याच आडनावाच्या माणसांनी राज्यभराच्या शेतीची आणि पाण्याची काळजी वाहिली.

काम आधी आणि आडनाव मागाहून, ही गोष्ट फक्त आपल्याकडेच घडली का? मुळीच नाही! चला स्कॉटलंडला. बाराव्या शतकात तिथल्या राजाने वॉल्टर नावाच्या सरदाराला आपल्या राजवाड्याचा मुख्य कारभारी नेमलं. या पदाला ‘स्टुअर्ड’ म्हणत. पद पिढ्यान्‌पिढ्या त्याच घराण्यात राहिलं आणि होता होता घराण्याचं आडनावच ‘स्टुअर्ट’ होऊन बसलं. पुढे याच घराण्यातल्या एका कारभाऱ्याचं लग्न राजकन्येशी झालं आणि 1371 मध्ये त्यांचा मुलगा, दुसरा रॉबर्ट, स्कॉटलंडच्या गादीवर बसला. कारभाऱ्याचं घराणं राजघराणं झालं! 1603 मध्ये तर याच घराण्यातला जेम्स इंग्लंडचाही राजा झाला. शर्यतीच्या गाड्यांचं वेड असलेल्यांनी जॅकी स्टुअर्ट हे नाव ऐकलं असेल. स्कॉटलंडच्या या पठ्ठ्याने 1969, 1971 आणि 1973 अशी तीनदा फॉर्म्युला वनची विश्वविजेतेपदं जिंकली.

स्कॉटलंडच्या डोंगराळ भागात आणखी एक गंमत आहे. तिथले लोक कुळांमध्ये राहत. प्रत्येक कुळाचा एक प्रमुख असे आणि त्याच्या आश्रयाला आलेली कितीतरी माणसं, रक्ताचं नातं नसतानाही, त्याचंच आडनाव लावत. तिथलं कूळ प्रमुखाच्या नावाने ओळखलं जायचं, आपल्याकडचा तांडा नायकाच्या!

आता एक महत्त्वाचा प्रश्न. महाराष्ट्रातले सगळे नाईक एकमेकांचे नातेवाईक असतील का? नाही हं! नायक म्हणजे पुढे होऊन इतरांना नेणारा. असा माणूस काय एकाच समाजात असतो? शिवाजी महाराजांच्या हेरखात्याचे प्रमुख होते बहिर्जी नाईक. इंग्रजांविरुद्ध लढलेले आणि 3 फेब्रुवारी 1832 रोजी पुण्यात फाशी गेलेले उमाजी नाईक हे पुरंदरजवळच्या भिवडीचे. त्यांच्या घराचं आडनाव खोमणे, पण रामोशी समाजात म्होरक्याला नाईक म्हणत, म्हणून ते झाले उमाजी नाईक. फलटणचे राजे निंबाळकर आपल्या नावात ‘नाईक’ लावत, कारण ती त्यांची पदवी होती. गोव्यातही नाईक भरपूर आहेत. आणि सैन्यात तर ‘नायक’ हा आजही एक हुद्दा आहे. रायगड जिल्ह्यातले यशवंत घाडगे मराठा पलटणीत याच हुद्द्यावर होते. दुसऱ्या महायुद्धात, जुलै 1944 मध्ये, इटलीत लढताना त्यांनी प्राण दिले आणि त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. म्हणजे नाईक हे नाव एकाच झऱ्यातून वाहिलेलं नाही, जागोजागी वेगवेगळे झरे फुटले आहेत.

हे विज्ञानाने तपासता येतं का? येतं की! आपल्या पेशींमध्ये गुणसूत्रं असतात. त्यातलं वाय गुणसूत्र बापाकडून मुलाकडे जातं, जवळजवळ जसंच्या तसं. आडनावाचा प्रवासही बहुतेक घरांत असाच, बापाकडून मुलाकडे. मग एकाच आडनावाच्या पुरुषांची वाय गुणसूत्रं ताडून पाहिली तर? ब्रायन साइक्स या ब्रिटिश शास्त्रज्ञाने नेमकं हेच केलं, तेही स्वतःच्याच आडनावावर! 2000 साली त्याचा शोधनिबंध आला. एकमेकांना न ओळखणाऱ्या साइक्स पुरुषांपैकी जवळपास निम्म्यांचं वाय गुणसूत्र एकाच घडणीचं निघालं. त्यांचा मूळ पुरुष एकच असणार! पण ज्या आडनावाची सुरुवात अनेक ठिकाणी झाली, त्यात असा मेळ बसत नाही. पाटील, कुलकर्णी, देशमुख, जोशी, नाईक ही सगळी अशी कामावरून पडलेली आडनावं.

आणि काही आडनावं चक्क नाहीशी होतात! 1873 मध्ये फ्रान्सिस गाल्टन याने गणितज्ञांना कोडं घातलं: एखादं आडनाव कायमचं मिटण्याची शक्यता किती? वॉटसन नावाच्या गणितज्ञाने त्यावर काम केलं. घरी तुम्हीही खेळून बघा. कागदावर दहा आडनावं लिहा, प्रत्येकात एक माणूस. प्रत्येक माणसासाठी नाणं दोनदा उडवा. जितक्या वेळा छापा, तितके मुलगे. दोन्हीदा काटा आला, तर त्या माणसापाशी आडनाव थांबलं. मग त्या मुलग्यांसाठी पुन्हा नाणं उडवा. पहिल्याच पिढीत दहातली साधारण दोन-तीन आडनावं गळतात. दहा पिढ्यांनंतर मोजक्याच आडनावांची चलती दिसते, आणि त्यांनी काही पराक्रम केलेला नसतो, फक्त नाणं त्यांच्या बाजूने पडलेलं असतं.

आता मुलींनो, तुमच्यासाठी खास. तुमच्याकडे वाय गुणसूत्र नसतं, पण म्हणून वंशाची नोंद नसते असं नाही. जवळजवळ प्रत्येक पेशीत मायटोकाँड्रिया असतात आणि त्यांचा डीएनए आईकडूनच येतो, मुलालाही आणि मुलीलाही. तुमच्यात जो आहे तो आईचा, तिच्यात जो होता तो तिच्या आईचा. आईकडच्या या ओळीला कुठल्याच आडनावाने जपलेलं नाही, पण पेशीने ती जपली आहे!

तर या रविवारी एक काम करा. घरातल्या सगळ्यांत वयस्कर माणसाजवळ वही घेऊन बसा. आपलं आडनाव कामावरून पडलं की गावावरून? त्याआधी दुसरं आडनाव होतं का? आपण कुठून इथे आलो? आणि आईच्या आईचं माहेरचं आडनाव काय? उत्तरं तारखेसह लिहून ठेवा. पुढच्या पिढीला आडनाव आपोआप मिळेल, पण त्यामागची हकिगत कुणीतरी लिहिली तरच मिळेल.