खेळ, ग्रंथ आणि कायदा : विल्यम हेन्री लुईस यांचे जीवनकार्य

अमेरिकेत ‘फुटबॉल’ या नावाने खेळला जाणारा खेळ आपल्या परिचयाच्या फुटबॉलहून वेगळा आहे. अकरा-अकरा खेळाडूंचे दोन संघ समोरासमोर रांगा करून उभे राहतात आणि लांबट चेंडू हाती घेऊन प्रतिस्पर्ध्याच्या हद्दीत शिरण्यासाठी झुंजतात. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस हा खेळ हार्वर्ड, येल, प्रिन्स्टन या विद्यापीठांचा मानबिंदू होता आणि तेथे प्रामुख्याने गोऱ्या, सधन घराण्यांतील मुलेच शिकत असत. अशा काळात गुलामगिरीतून मुक्त झालेल्या आईवडिलांचा एक मुलगा हार्वर्डच्या संघात खेळला आणि पुढे त्याच संघाचा प्रशिक्षक झाला. त्याचे नाव विल्यम हेन्री लुईस.

लुईस यांचा जन्म २८ नोव्हेंबर १८६८ रोजी व्हर्जिनिया राज्यात झाला. अमेरिकेतील गुलामगिरी कायद्याने संपून तेव्हा अवघी तीन वर्षे झाली होती. वडील बाप्टिस्ट पंथाचे धर्मोपदेशक होते. कृष्णवर्णीयांसाठी स्थापन झालेल्या व्हर्जिनियातील एका विद्यालयात लुईस शिकू लागले. त्या संस्थेचे प्रमुख जॉन मर्सर लँग्स्टन यांनी या मुलाची कुवत ओळखली आणि त्यांच्या साहाय्याने लुईस १८८८ मध्ये मॅसॅच्युसेट्समधील अ‍ॅमहर्स्ट महाविद्यालयात दाखल झाले. तेथे वाढप्याचे काम करून त्यांनी शिक्षणाचा खर्च भागवला. १८९१ मध्ये ते महाविद्यालयाच्या संघाचे कर्णधार झाले. १८९२ मध्ये पदवी घेऊन त्यांनी हार्वर्डच्या विधी महाविद्यालयात प्रवेश घेतला.

हार्वर्डच्या संघात ते ‘सेंटर’ या जागेवर खेळत. रांगेच्या मध्यभागी उभे राहून चेंडू मागच्या खेळाडूकडे सोपवायचा आणि त्याच क्षणी समोरून येणारा धक्का अंगावर घ्यायचा, हे सेंटरचे काम. लुईस शरीराने फार अवजड नव्हते. चपळाई आणि अचूक अंदाज हेच त्यांचे बळ होते. १८९२ आणि १८९३ या दोन्ही वर्षी त्यांची निवड देशातील सर्वोत्तम अकरा खेळाडूंत झाली. हा मान मिळवणारे ते पहिले कृष्णवर्णीय खेळाडू होत.

१८९५ ते १९०६ या काळात वकिली सांभाळून त्यांनी हार्वर्डच्या संघाला प्रशिक्षण दिले. त्यांच्यातील शिक्षकाची खरी ओळख मात्र १८९६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘महाविद्यालयीन फुटबॉलची बाळबोध पोथी’ अशा अर्थाच्या शीर्षकाच्या पुस्तकातून पटते. चेंडू झेलणे, सोपवणे, प्रतिस्पर्ध्याला रोखणे अशा प्राथमिक कौशल्यांपासून संपूर्ण संघाच्या व्यूहरचनेपर्यंत त्यांनी क्रमाने मांडणी केली. मोठ्या विद्यापीठांच्या मैदानांवर अनुभवाने मिळणारे ज्ञान त्यामुळे कोणत्याही गावातील मुलाच्या हाती पडू शकले. जे मोजक्यांपाशी असते ते सर्वांना सुलभ करून देणे, हेच शिक्षकाचे काम होय.

याच वृत्तीची साक्ष त्यांच्या विद्यार्थिदशेतील एका घटनेतही मिळते. हार्वर्ड ज्या केंब्रिज शहरात आहे, तेथील एका केशकर्तनालयाने रंगामुळे लुईस यांना सेवा नाकारली. देशभर नाव झालेल्या खेळाडूच्या वाट्याला हा अपमान आला. त्यांनी तो मुकाट्याने गिळला नाही. भेदभावविरोधी कायद्यात दुरुस्ती व्हावी, यासाठी त्यांनी विधिमंडळाकडे प्रयत्न केले आणि १८९३ मध्ये मॅसॅच्युसेट्सच्या त्या कायद्यात केशकर्तनालयांचा स्पष्ट समावेश झाला. एकाचा अपमान सर्वांच्या हक्काचे निमित्त ठरला.

पुढे ते केंब्रिजच्या नगरसभेवर व राज्याच्या विधिमंडळावर निवडून आले. १९०३ मध्ये बोस्टन येथे त्यांची सहायक सरकारी वकील म्हणून नेमणूक झाली. १९११ मध्ये अध्यक्ष टाफ्ट यांनी त्यांना संघराज्याचे सहायक महान्यायवादी केले. संघराज्याच्या प्रशासनात नेमणुकीचे इतके उच्च पद तोवर कोणत्याही कृष्णवर्णीयाला लाभले नव्हते. तरीही अमेरिकेतील वकिलांच्या राष्ट्रीय संघटनेने त्यांचा वर्ण कळताच सदस्यत्व रद्द करण्याचा घाट घातला. लुईस यांनी राजीनामा देण्यास नकार दिला आणि सदस्यत्व टिकवले. मात्र पुढील अर्जदारांनी आपला वंश कळवावा, असा ठराव संघटनेने केलाच. पद मिळाले म्हणजे भेद संपला असे होत नाही, हे यावरून ध्यानी येते. बुकर टी. वॉशिंग्टन यांच्या समन्वयवादी गटाशी जवळीक केल्याबद्दल स्वतःच्या समाजातील जहाल कार्यकर्त्यांची टीकाही त्यांना सोसावी लागली. १ जानेवारी १९४९ रोजी बोस्टनमध्ये त्यांचे निधन झाले. २००९ मध्ये महाविद्यालयीन फुटबॉलच्या कीर्तिदालनात त्यांचा समावेश करण्यात आला.

केशकर्तनालयाचा प्रसंग वाचताना आपल्याला बाबासाहेबांच्या बालपणाची आठवण होणे स्वाभाविक आहे. साताऱ्यात न्हावी पुष्कळ होते, पैसे देण्याची ऐपतही होती. परंतु अस्पृश्याच्या केसांना हात लावायला कोणी तयार नसे. म्हणून थोरली बहीणच भावंडांचे केस कापीत असे, असे त्यांनी स्वतः लिहून ठेवले आहे. त्याच बाबासाहेबांनी २९ नोव्हेंबर १९४८ रोजी संविधान सभेत ‘दुकान’ या शब्दाची व्यापक व्याख्या केली : जेथे मालक येणाऱ्या कोणालाही सेवा देण्यास तयार असतो, ते दुकान. आज संविधानाच्या पंधराव्या अनुच्छेदात तो शब्द उभा आहे. लुईस आणि बाबासाहेब यांच्या भेटीची नोंद नाही, तशी ती असण्याची गरजही नाही. दोन खंडांतील सारख्याच अपमानाला दोघांनी दिलेले उत्तर एकच होते : शिकायचे आणि त्या शिक्षणातून सर्वांसाठी नियम बदलायचा.

वसतिगृहात राहून शिकणाऱ्या मुलाच्या पालकांना पुष्कळदा प्रश्न पडतो की, खेळात वेळ दवडला तर अभ्यासाचे काय होईल? लुईस यांच्या जीवनात मैदानाने त्यांना धैर्य व संघभावना दिली, ग्रंथांनी अधिकार दिला. यांपैकी एकाच्याच बळावर ते इतके दूर गेले नसते. आपल्या माजी विद्यार्थ्यांपैकी जे आज शिक्षक, वकील, अधिकारी अथवा क्रीडा मार्गदर्शक आहेत, त्यांनी आपल्या हाती आलेली विद्या मागून येणाऱ्यांसाठी किती खुली केली, हा प्रश्न या स्मरणिकेच्या निमित्ताने स्वतःला अवश्य विचारावा.