चार चढायांत दहा यार्ड

धडगाव किंवा मोलगीकडच्या आश्रमशाळेतला एखादा चपळ मुलगा क्रीडास्पर्धेच्या दिवशी काय काय करतो, ते जवळून पाहा. सकाळी आठशे मीटर धावतो, दुपारी खो-खोच्या संघात असतो, ऊन उतरल्यावर कबड्डी. मध्येच लांब उडीसाठी नाव पुकारलं की तिकडे पळतो. "याला कशातही उतरवा," असं सर अभिमानाने सांगतात. पण या 'कशातही'चं पुढे काय होतं? बहुतेकदा काहीच नाही. जगात एक खेळ मात्र असा आहे, की तो अशाच मुलाला शोधत असतो. तो म्हणजे अमेरिकन फुटबॉल.

हा आपला पायाने खेळायचा फुटबॉल नव्हे. चेंडू लंबगोल असतो आणि तो हातात धरून पळायचं किंवा फेकायचा. मैदान १०० यार्डांचं, म्हणजे साधारण ९१ मीटर. एका वेळी प्रत्येक बाजूचे ११ खेळाडू उतरतात. चेंडू ज्यांच्याकडे असेल त्यांना चार प्रयत्न मिळतात. तेवढ्यात १० यार्ड पुढे सरकले तर पुन्हा नवे चार. नाही सरकले तर चेंडू समोरच्यांकडे जातो. मैदानाच्या टोकाच्या पट्ट्यात चेंडू नेला की ६ गुण. कबड्डी खेळलेल्याला हे पटकन उमजेल. प्रत्येक प्रयत्न म्हणजे एक चढाई, काही सेकंदांत संपणारी. फक्त ही चढाई अकरा जण मिळून करतात आणि मध्यरेषेकडे परतायचं नसतं.

आता कोणत्या खेळाचं काय कामाला येतं ते बघू. चेंडू घेऊन पळणाऱ्याला खो-खोतली हूल लागते. डावा खांदा झुकवायचा, समोरच्याचं वजन त्या बाजूला गेलं की उजवीकडून निसटायचं. त्याला अडवणाऱ्याला कबड्डीतली मांडीपकड यावी लागते. सर्वांत पुढे उभे असतात ते धिप्पाड गडी. गुडघ्यात वाकून, कंबर खाली ठेवून समोरच्याला छातीशी रेटणं हे त्यांचं काम. ते पैलवानाला वेगळं शिकवावं लागत नाही. लांबून आलेला चेंडू हवेत झेलणाऱ्याला धावपटूचा वेग आणि उंच उडी मारणाऱ्याचे पाय हवेत. म्हणूनच व्यावसायिक संघांच्या निवड चाचणीत ४० यार्डांची धाव असते, जागेवरून लांब उडी असते, जागेवरून उंच उडीही असते. आपल्या तालुका स्पर्धेतल्या मुलाला यातलं काही परकं वाटणार नाही.

अनेक खेळांतून फुटबॉलकडे जाणाऱ्या या वाटेने गेलेला सर्वांत मोठा माणूस आदिवासी होता, हे आपल्या जिल्ह्याला माहीत असायला हवं. जिम थॉर्प. जन्म १८८७ चा, आजच्या ओक्लाहोमा राज्यातला. सॅक अँड फॉक्स जमातीचा. तो पेनसिल्व्हेनियातल्या कार्लाइल इंडियन स्कूल या निवासी शाळेत शिकला. तिथे आदिवासी मुलांचे केस कापले जात आणि त्यांना स्वतःची भाषा बोलायला मनाई होती. तिथलं दुःख खरं होतं आणि तिथलं मैदानही खरं होतं. रोजच्या साध्या कपड्यांत त्याने उंच उडीचा सराव करणाऱ्यांना मागे टाकलं, असं सांगतात. तिथून तो ट्रॅकवर आला आणि मग फुटबॉलमध्ये.

१९१२ च्या स्टॉकहोम ऑलिंपिकमध्ये पेंटॅथलॉन आणि डेकॅथलॉन अशी दोन सुवर्णपदकं त्याने जिंकली. त्याचे बूट हरवले, म्हणून मिळेल तेथून दोन वेगवेगळे बूट शोधून त्याने पायांत घातले. सैल होणाऱ्या बुटाखाली जादा मोजे. फोटोत ते विजोड बूट दिसतात. पुढच्याच वर्षी ही पदकं काढून घेण्यात आली. कारण काय, तर आधी दोन उन्हाळे थोड्या पैशांसाठी तो बेसबॉल खेळला होता. आक्षेप तीस दिवसांत नोंदवायचा असा नियम होता, तो पाळलाच गेला नाही. हा अन्याय होता आणि त्याला दुसरा शब्द नाही.

थॉर्प थांबला नाही. मोठ्या लीगमध्ये बेसबॉल खेळला. १९१५ पासून कॅंटन बुलडॉग्ज संघाकडून पैसे घेऊन फुटबॉल खेळू लागला. आजची एनएफएल, म्हणजे अमेरिकेतली व्यावसायिक फुटबॉल लीग, ज्या संघटनेतून उभी राहिली, तिचा १९२० मधला पहिला अध्यक्ष तोच. अमेरिकेतल्या सर्व आदिवासींना नागरिकत्व देणारा कायदा त्यानंतर चार वर्षांनी, १९२४ मध्ये आला. थॉर्प १९५३ मध्ये वारला. पदकांच्या प्रतिकृती १९८३ मध्ये त्याच्या मुलांच्या हाती आल्या आणि एकमेव विजेता म्हणून त्याचं नाव २०२२ मध्ये पुन्हा लागलं.

आपल्याकडे २०११ मध्ये एलिट फुटबॉल लीग ऑफ इंडिया जाहीर झाली. पुणे मराठाज संघाने पहिला हंगाम जिंकला, पण लीग टिकली नाही. त्यामुळे दार बंद झालं असं समजू नये. ऑस्ट्रेलियाचा जॉर्डन मैलाटा रग्बी लीग खेळायचा. अमेरिकन फुटबॉलचा एकही सामना न खेळता २०१८ मध्ये तो एनएफएलच्या फिलाडेल्फिया ईगल्स संघात निवडला गेला आणि २०२५ मध्ये सुपर बोल, म्हणजे त्या लीगचा अंतिम सामना, जिंकला.

त्याहून जवळची वाट म्हणजे फ्लॅग फुटबॉल. यात पाच-पाच खेळाडू असतात, अंगावर आदळणं नाही. कमरेला लटकवलेली पट्टी ओढली की चेंडूवाल्याची धाव तिथेच संपते. २०२८ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये हा खेळ पुरुष आणि महिला दोघांसाठी आहे, आणि तो निर्णय १६ ऑक्टोबर २०२३ रोजी मुंबईत झाला.

क्रीडाशिक्षकांना एवढीच विनंती: यंदा खो-खो झाल्यावर अर्धा तास राखून ठेवा. एक लंबगोल चेंडू मिळवा, जुन्या कापडाच्या पट्ट्या मुलामुलींच्या कमरेला खोचा, चार प्रयत्न मोजा आणि कोण निसटतंय ते वहीत लिहून ठेवा.