लिंबावरची अळी मारण्याआधी जरा थांबा

जोगेश्वरी म्हटले की लोकलची गर्दी आठवते. पण पूर्वेला उतरून विक्रोळीकडे जाणारा लिंक रोड धरला, की थोड्याच वेळात आरेची हिरवाई लागते. तिला लागूनच संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाचे जंगल. पावसाळ्यात आणि त्यानंतर या भागात तळहाताएवढे काळे फुलपाखरू दिसते, पंखांवर निळ्या ठिपक्यांची नक्षी. हेच नीलवंत, म्हणजे ब्लू मॉर्मन. २०१५ साली महाराष्ट्राने त्याला राज्य फुलपाखराचा मान दिला. असा मान देणारे आपले पहिले राज्य.

आता तुम्ही म्हणाल, साहेब, याचा शेतीशी काय संबंध? संबंध पानाशी आहे. फुलपाखरू मध कोणत्याही फुलाचा पिईल, पण अंडी ठरावीक झाडावरच घालते. मादी पुढच्या पायांनी पानाची चव घेते, पटले तरच अंडे ठेवते. नीलवंताला रानातला माकडलिंबू, किरमिरा किंवा आपले लिंबू, पपनस लागते. रुईवर प्लेन टायगर, कण्हेरीवर कॉमन क्रो, पानफुटीवर रेड पिएरो, टाकळ्यावर पिवळी फुलपाखरे. झाड गेले की फुलपाखरूही गेले.

लिंबावर पक्ष्याच्या विष्ठेसारखी दिसणारी, मोठी झाल्यावर हिरवी होणारी अळी तुम्ही पाहिली असेल. डिवचले की डोक्यामागून शिंगासारखा दुभंगलेला अवयव काढते, उग्र वास येतो. ही नीलवंताची किंवा त्याच्याच भाऊबंदांची, बहुधा लाइम फुलपाखराची. ती पाने खाते, हे खरेच. रोपवाटिकेत आणि नव्या लागवडीत ती रोपे बोडकी करते, तिथे दुर्लक्ष करून चालणार नाही. पण थोड्या अळ्या दिसल्या म्हणून लगेच पंप पाठीला लावू नका. हाताने वेचा आणि परसातल्या बेलावर किंवा जुन्या लिंबावर सोडा. मोठ्या झाडाला चार पाने गेल्याने काही होत नाही. उलट सरसकट फवारणीत अळीबरोबर मधमाश्या आणि मित्रकीटकही मरतात.

दुसरी गोष्ट बांधाची. बांध 'स्वच्छ' ठेवण्याच्या नादात आपण तणनाशक मारतो आणि रुई, टाकळा सगळे जाळून टाकतो. पिकात तण नको, कबूल. पण एखाद्या बांधाचा कोपरा तरी राखा.

सरपंच मंडळींनाही विनंती. २००२ च्या जैवविविधता कायद्याने गावात जैवविविधता समिती आणि लोकजैवविविधता नोंदवही आली आहे. तिच्यात ही झाडे आणि फुलपाखरे नोंदवा. शाळेतली पोरे हे काम हौसेने करतील.

जमले तर ठाण्याला घोडबंदर रोडवरची ओवळेकर वाडी बघून या. घरच्या जमिनीत योग्य झाडे लावली की फुलपाखरे आपणहून येतात, हे तिथे डोळ्यांनी दिसते. तोवर निदान परसात एक लिंबू आणि एक कढीपत्ता लावा. घरालाही उपयोगी आणि त्यांनाही.