पोटातला गोळा आणि फळ्यावरची वजाबाकी

फळ्यावर ५२ वजा २७ मांडले आहे. दोनातून सात जात नाहीत, म्हणून दशकाकडून एक उसना घ्यायचा, बारातून सात वजा करायचे, आणि दशकाच्या घरात आता पाच नव्हे तर चारच उरले आहेत, हे ध्यानात ठेवायचे. एवढे सगळे मूल एकाच वेळी मनात धरून असते. मनातली ही तात्पुरती जागा फार लहान असते. मानसशास्त्रात तिला कार्यकारी स्मृती म्हणतात. चुकले तर वर्गासमोर उभे राहावे लागेल, ही धास्तीही त्याच जागेत येऊन बसते. मग उसना दिलेला दशक निसटतो आणि उत्तर येते ३५. वहीवर शेरा पडतो, ‘वजाबाकी कच्ची’. कच्ची असते ती वजाबाकीच, असे मात्र नाही.

लहान मुलाला ‘मला भीती वाटते’ असे सांगता येतेच असे नाही. ते सांगते, पोट दुखते. सोमवारी सकाळी दुखणारे आणि सुट्टीच्या दिवशी न दुखणारे पोट पुष्कळ घरांत ‘नाटक’ ठरते. पण ते दुखणे खरे असते. पेन्सिलीचे चावलेले टोक, सारखी लघवीला जायची परवानगी, बोलके मूल एकाएकी गप्प होणे, हीही त्याच भीतीची बोली.

आधी भीती घालवायची आणि मग शिकवायचे, हे महाराष्ट्राला नवे नाही. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी १९४५ पासून बोर्डीत आणि पुढे डहाणूजवळच्या कोसबाडच्या टेकडीवर ग्रामीण व आदिवासी मुलांसाठी काम केले. मुले शाळेत येत नाहीत म्हणून शाळाच त्यांच्या अंगणात गेली, ती अंगणवाडी. गुरे राखणाऱ्यांमागे कुरणात गेली, ती कुरणशाळा. आधी मुलाला आपलेसे करायचे, मग अक्षरे, असा त्यांच्या कामाचा क्रम होता.

शिक्षणहक्क कायद्याच्या (२००९) कलम १७ ने शारीरिक शिक्षेइतकाच मानसिक छळही निषिद्ध ठरवला आहे. छडी पुष्कळ ठिकाणी गेली. टोमणे आणि भावंडांशी तुलना अजून उरली आहे, आणि त्यांचे वळ दिसत नाहीत.

वर्गात फार मोठे काही लागत नाही. प्रश्न विचारल्यावर पाच सेकंद थांबले, तर एरवी गप्प बसणारे मूलही हात वर करते. ३५ या उत्तरावर फुली मारण्याऐवजी ‘हे कसं काढलंस, सांग बरं’ असे विचारले, की निसटलेला दशक मुलालाच सापडतो. घरची बोली वर्गात बोलता आली, तर निम्मे अवघडलेपण तिथेच जाते. मात्र झोप उडणे, जेवण तुटणे, शाळेचे नाव काढताच रडणे हे आठवडेच्या आठवडे चालू राहिले, तर समुपदेशकाला किंवा डॉक्टरांना दाखवावे. सरकारच्या ‘टेली-मानस’ सेवेत १४४१६ या क्रमांकावर पालकांना आणि शिक्षकांनाही मोफत सल्ला मिळतो.