यंत्राध्ययन : संकल्पना व कार्यकारणभाव

उदाहरणांवरून एखाद्या वर्गाचे सामान्य लक्षण संगणकाने स्वतः ठरविणे म्हणजे संकल्पनाध्ययन. घटनांच्या नोंदींवरून काय कशामुळे घडते हे ठरविणे म्हणजे कार्यकारणाध्ययन. हे पहिल्याहून पुष्कळ अवघड आहे.

पॅट्रिक विन्स्टन यांनी १९७० मध्ये ठोकळ्यांच्या रचनांवरून ‘कमान’ ही संकल्पना संगणकास शिकविली. त्यात खऱ्या कमानींइतकेच थोडक्यात हुकलेले नमुनेही उपयोगी पडले. दोन खांब एकमेकांस टेकले की कमान उरत नाही. ह्या एकाच फरकावरून खांबांत अंतर हवे, हे लक्षण निश्चित होते.

केवळ साहचर्यावरून मात्र कारण सिद्ध होत नाही. बीड जिल्ह्यातील ऊसतोड कामगार स्त्रियांचे उदाहरण ह्या दृष्टीने उद्‌बोधक आहे. २०१९ मध्ये नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखालील शासकीय समितीसाठी झालेल्या सर्वेक्षणात ८२,३०९ स्त्रियांपैकी १३,८६१ जणींचे (सु. १७%) गर्भाशय काढल्याचे आढळले. ऊसतोड व शस्त्रक्रिया ह्यांचा संबंध यंत्र नोंदींवरून सहज टिपील आणि पुढील भाकितही बरे करील. परंतु काय बदलले असता शस्त्रक्रिया घटतील, हे त्यास तेवढ्यावरून सांगता येणार नाही. लवकरची लग्ने व बाळंतपणे, फडावर पाणी व शौचालय नसणे, खाडा झाल्यास होणारी दंडवसुली, कर्करोगाची घातलेली भीती ही कारणे परस्परांत गुंतलेली आहेत. त्यांतील दंड व भीती तर नोंदवहीत क्वचितच येतात. दारिद्र्य हे ऊसतोड व शस्त्रक्रिया ह्या दोहोंचे समान मूळही असू शकते. अशा दडलेल्या अटीस न्यायदर्शनात ‘उपाधी’ म्हणतात : जेथे अग्नी तेथे धूर, हा नियम ओल्या इंधनाच्या उपाधीमुळे सदोष ठरतो.

जूडिया पर्ल (ट्युरिंग पुरस्कार, २०११) यांनी कार्यकारणज्ञानाच्या साहचर्य, हस्तक्षेप व प्रतिवास्तव अशा तीन पायऱ्या मानल्या. दंड बंद केल्यास काय होईल, हा दुसऱ्या पायरीवरचा प्रश्न. अमुक स्त्रीस दंडाचे भय नसते तर तिचे गर्भाशय वाचले असते काय, हा तिसऱ्या. कारणांचा बाणयुक्त आलेख विश्वसनीय असेल, तर अनुकूल परिस्थितीत प्रयोगावाचूनही उत्तर काढता येते. मात्र बाणांच्या दिशा नोंदींवरून अंशतःच ठरतात. शस्त्रक्रियेसाठी काढलेले कर्ज फेडण्याकरिता पुन्हा उचल घ्यावी लागली, तर बाण उलटाही जातो. पर्ल यांच्या आलेखात चक्र चालत नसल्याने तेथे प्रत्येक हंगामासाठी निराळा बिंदू घ्यावा लागतो.