'सशस्त्र पोलीस' : एका उच्चाराचा निवाडा

२२ जुलै २००५ रोजी लंडनच्या स्टॉकवेल स्थानकात पोलिसांनी जीन चार्ल्स डी मेनेझेस या निरपराध ब्राझिलियन तरुणास आत्मघातकी हल्लेखोर समजून गोळ्या घातल्या. 'सशस्त्र पोलीस' असे आपण आधी ओरडलो, ही गोळी झाडणाऱ्याची साक्ष २००८ च्या मृत्युचौकशीत पंचांनी अमान्य केली. तथापि 'बेकायदेशीर वध' हा पर्याय चौकशी-अधिकाऱ्याने आधीच वगळला होता. उरलेल्या 'कायदेशीर वध' व 'अनिर्णित' यांतून पंचांनी दुसरा निवडला. उच्चार झाला नाही हे ठरले. कृत्यास मात्र नाव मिळाले नाही! कुटुंब झगडत होते ते या नावासाठीच. कोणाही अधिकाऱ्यावर व्यक्तिशः खटला न भरल्याविरुद्धची त्यांची तक्रार युरोपीय मानवी हक्क न्यायालयाने २०१६ मध्ये १३ विरुद्ध ४ मतांनी फेटाळली.