देणे की देणगी?



मराठीत 'देणे' आणि 'देणगी' हे शब्द एकाच धातूपासून आले आहेत. पण त्यांच्या अर्थांत केवढे अंतर आहे! देणगी ही देणाऱ्याच्या मर्जीवर अवलंबून असते. देणे मात्र चुकवावेच लागते. निवृत्त शिक्षकाच्या हाती दरमहा पडणारे निवृत्तिवेतन या दोहोंपैकी काय समजावयाचे, हा प्रश्न न्यायालयांपुढे वारंवार आला आहे.

तत्त्वापुरते त्याचे उत्तर केव्हाच मिळाले. बिहारच्या शिक्षणखात्यातील एका अधिकाऱ्याच्या दाव्यात, देवकीनंदन प्रसाद प्रकरणी, १९७१ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, निवृत्तिवेतन ही सरकारची कृपा नसून नोकराची मालमत्ता आहे. पुढे १७ डिसेंबर १९८२ रोजी नाकरा प्रकरणाचा निकाल लागला. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या अध्यक्षतेखालील पाच न्यायमूर्तींच्या त्या पीठाने, केवळ ३१ मार्च १९७९ या तारखेच्या आधी निवृत्त झाले म्हणून कोणास सुधारित लाभांतून वगळता येणार नाही, असे ठरविले. मग तंटे अद्यापि का उद्भवतात?

हे समजण्यासाठी दक्षिण दिल्लीतील मुनिरका डोळ्यांपुढे आणू. रामकृष्ण पुरम आणि जवाहरलाल नेहरू विद्यापीठ यांच्या शेजारचे हे जुने खेडे आता राजधानीत पुरते सामावून गेले आहे. तेथील एकाच गल्लीत तीन निवृत्त शिक्षक राहतात, अशी कल्पना करा. एक महानगरपालिकेच्या प्राथमिक शाळेतला, दुसरा दिल्ली सरकारच्या शाळेतला, तिसरा मान्यताप्राप्त खाजगी शाळेतला. तिघांचे काम एकच. पण धनी तीन, म्हणून अडचणीही तीन तऱ्हांच्या.

पहिल्याची अडचण रिकाम्या तिजोरीची. दिल्ली महानगरपालिकेचे २०१२ साली तीन भाग झाले व २०२२ साली ते पुन्हा एक झाले. मधल्या काळात, विशेषतः उत्तर व पूर्व पालिकांत, पगार आणि निवृत्तिवेतने महिनोन्‌महिने थकली. पैसा नाही ही सबब चालणार नाही, असे दिल्ली उच्च न्यायालयाने २०२१ साली पालिकांना बजावले.

दुसऱ्याची अडचण हिशेबाची. वेतननिश्चिती चुकली, जादा रक्कम दिली गेली, असे निवृत्तीच्या सुमारास कोणाच्या तरी ध्यानात येते आणि वसुलीचा कागद निघतो. अशी वसुली निवृत्तांकडून, अथवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून, करू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली एका पंजाबी प्रकरणात सांगितले. केरळातील एक शिक्षक १९९९ साली निवृत्त झाले होते. त्यांनी लबाडी केलेली नव्हती, खोटी माहितीही दिलेली नव्हती. तरी त्यांच्यामागे लागलेली वसुली अखेर रद्द झाली ती २०२२ साली! शाळेत घातलेल्या मुलाने पदवी घेऊन नोकरीस लागावे, एवढा हा काळ.

तिसऱ्याची अडचण व्याख्येची. खाजगी शाळांतील वेतन, निवृत्तिवेतन व उपदान हे सरकारी शाळांहून कमी असता कामा नये, असे १९७३ च्या दिल्ली शालेय शिक्षण अधिनियमाचे दहावे कलम सांगते. परंतु १९७२ च्या उपदान कायद्यातील 'कर्मचारी' या शब्दात शिक्षक बसत नाही, असा निर्णय २००४ साली अहमदाबादच्या शिक्षकसंघाच्या प्रकरणात झाला. संसदेने २००९ साली ती व्याख्या सुधारली आणि सुधारणा ३ एप्रिल १९९७ पासून लागू केली. खाजगी शाळांनी तिलाही आव्हान दिले. ऑगस्ट २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते फेटाळले.

महाराष्ट्रातील श्रोत्यांनाही हा प्रकार परका नाही. तेथे १ नोव्हेंबर २००५ ही तारीख कळीची ठरली. तिच्या आधी नेमणूक झाली, पण शाळेला पूर्ण अनुदान मागाहून मिळाले, अशा शिक्षकांना जुने निवृत्तिवेतन लागू आहे की नाही, यावर बरेच दावे लढले गेले.

या साऱ्यांत हक्काइतकेच मोल वेळेला आहे. निवृत्तीनंतर दोन महिन्यांत देणे न चुकविल्यास व्याज द्यावे लागेल, असे सर्वोच्च न्यायालयाने केरळच्याच एका प्रकरणात १९८४ साली म्हटले होते. म्हणून नोकरीत असलेल्या शिक्षकाने आपले सेवापुस्तक वरचेवर पाहावे, प्रत्येक नोंदीची नक्कल ठेवावी आणि अर्जाची पोच घेतल्यावाचून कचेरी सोडू नये. अधिकाऱ्यांनीही एक गोष्ट ध्यानी धरावी. साठीनंतर वर्षे मोजकीच उरतात, आणि औषधपाणी व घरभाडे ही निकालाची वाट पाहत थांबत नाहीत. उशिरा चुकविलेले देणे वहीत फिटते. पण ज्याचे ते होते, त्याच्या हाती ते पडेलच, अशी खात्री उरत नाही.